धुऱ्यावरचा वार, खंडपीठातलं अपील

(प्रस्तावना)

खुनाच्या खटल्यात आरोपीपुढं बचावाचे मुख्यतः दोन रस्ते असतात. 'मी तिथं नव्हतोच' हा पहिला. 'होतो, वारही माझाच, पण तो केला नसता तर मीच मेलो असतो' हा दुसरा. पहिल्या रस्त्यात काही कबूल करावं लागत नाही. दुसऱ्याची सुरुवातच कबुलीनं होते. नांदेड-लातूरकडचा शेतकरी आरोपीच्या पिंजऱ्यात उभा राहिला की साहजिकच पहिला रस्ता धरतो. त्याला कुणीतरी सांगितलेलं असतं, 'हो म्हणालास की गेलास.' वकीलही पुष्कळदा त्याला अडवत नाहीत. मग सत्र न्यायालयात जन्मठेप लागते, अपील औरंगाबाद खंडपीठात जातं, आणि तिथं काही वर्षांनी एखादा वकील कागद चाळताना थबकतो. शेवटच्या पानांत एक जखमांचा दाखला असतो, आणि तो मयताचा नसून आरोपीचा असतो.

हे पुस्तक त्या दाखल्याभोवती फिरतं. जीवघेण्या मारहाणीच्या अपिलांत स्वसंरक्षणाचा दावा टिकतो कधी आणि कोसळतो कधी, हा त्याचा विषय. माझं म्हणणं एवढंच आहे की या दाव्याचं भवितव्य उच्च न्यायालयात ठरत नाही. ते घटनेनंतरच्या पहिल्या काही तासांत, पोलीस ठाण्यात आणि ग्रामीण रुग्णालयात, काय लिहिलं गेलं आणि काय लिहायचं राहिलं यावर ठरतं. वरचं न्यायालय त्या लिखाणाचं वाचन करतं, आणि जे लिहिलंच नाही ते त्यालाही वाचता येत नाही.

कायदा आधी थोडक्यात सांगतो. भारतीय दंड संहितेची 96 ते 106 ही कलमं खासगी बचावाच्या हक्काची. स्वतःच्या आणि दुसऱ्याच्याही शरीराचा बचाव करता येतो, मालमत्तेचाही करता येतो. हल्लेखोराचा जीव जाईपर्यंत हा हक्क कधी पोचतो ते कलम 100 सांगतं: मृत्यूची किंवा जबर दुखापतीची वाजवी भीती, बलात्कार, अपहरण वगैरे. 2013 मध्ये त्यात ॲसिड हल्ल्याची भर पडली. लगाम कलम 99 मध्ये आहे. पोलिसांकडं जायला वेळ असेल तर हक्क नाही, आणि बचावाला लागेल त्यापेक्षा जास्त इजा करण्याचाही हक्क नाही. 1837 चा मूळ मसुदा मेकॉलेच्या आयोगानं केला. इथली माणसं अन्याय निमूट सोसतात, त्यांच्यात प्रतिकाराची धमक यावी म्हणून हा हक्क सढळ ठेवला, अशा अर्थाची टीप त्या मसुद्याला जोडलेली आहे. मराठवाड्यातल्या बांधावरची भांडणं मेकॉलेनं पाहिली असती तर या धमकेची एवढी चिंता त्यानं केली असती का, असा प्रश्न मला नेहमी पडतो.

मराठवाड्याला ही संहिता उशिरा मिळाली. निजामाच्या राज्यात दंडाचा कायदा वेगळा होता. सप्टेंबर 1948 च्या पोलीस कारवाईनंतर हैदराबाद भारतात आलं आणि 1951 मध्ये भारतीय दंड संहिता इथं लागू झाली. या इतिहासाचा मारामारीशी काय संबंध, असं कुणी विचारेल. संबंध जमिनीतून येतो. इथल्या जमिनीच्या कागदांचे थर पुणे-साताऱ्यासारखे नाहीत. जुनी सेतवार, 1954-55 चं खासरा पाहणी पत्रक, 1950 च्या हैदराबाद कूळ कायद्याखालचे संरक्षित कुळांचे हक्क, इनामी जमिनींचे वाद आणि या सगळ्यांवर नंतर चढलेला सातबारा. एकाच गटावर एकाचं नाव मालक म्हणून, दुसऱ्याची वहिवाट, तिसऱ्याकडं खरेदीखत, असा प्रकार दुर्मीळ नाही. वाटण्या तोंडी झालेल्या असतात. मोजणीचा अर्ज भूमी अभिलेखकडं पडून असतो, रस्त्याचा वाद तहसीलदारापुढं मामलेदार न्यायालय कायद्याखाली तारखा खात असतो. एवढ्यात मृग येतो. पेरणी तारखेसाठी थांबत नाही.

निलंग्याच्या बाजूचं एक शेत डोळ्यांपुढं आणा. प्रसंग आपणच रचू, म्हणजे कुणाचं नाव यायला नको. एका भावकीतली दोन घरं, मधे धुरा, म्हणजे बांध. सकाळी एका घरचा ट्रॅक्टर आला आणि धुरा पोटात घेऊन पलीकडं दोन तास गेला. पलीकडचा चुलता धुऱ्यावरची काटेरी झुडपं तोडत होता, म्हणून त्याच्या हातात कत्ती होती. "आप्पा, ट्रॅक्टर मागं घ्या," एवढ्यावर सुरुवात झाली. ट्रॅक्टरवाल्याबरोबरच्या पोरानं शेजारच्या बैलगाडीची उभारी उपसली. पुढच्या दोन मिनिटांत काय झालं ते सांगणारी माणसं चार, चौघंही कुणा ना कुणाचे सख्खे. शेवट एवढाच की उभारीवाल्याच्या मानेवर कत्तीचा एक घाव आहे आणि लातूरला नेता नेता तो वाटेत गेला.

आता कागद बघा. मयताच्या भावाची फिर्याद ठाण्यात नोंदवली जाते. तीत पाच आरोपी असतात, 'सर्वांनी संगनमत करून' हे शब्द असतात, घरातला सत्तरीचा म्हाताराही असतो. उभारीचा उल्लेख नसतो. चुलत्याला संध्याकाळी ताब्यात घेतात. त्याच्या कपाळाला जखम आहे, डावा हात सुजलाय. पोलीस यादी देऊन त्याला ग्रामीण रुग्णालयात पाठवतात, कारण अटकेच्या वेळी तपासणी करावीच लागते. वैद्यकीय अधिकारी लिहितात: कपाळावर फाटलेली जखम, डाव्या हाताला सूज, कडक व बोथट वस्तूने, 24 तासांच्या आत, साधी. एक्स-रे काढला असता तर कोपराखालच्या हाडाला तडा दिसला असता. डोक्यावर येणारा फटका माणूस आडव्या हातावर झेलतो तेव्हा नेमका तिथंच तडा जातो. पण त्या संध्याकाळी एक्स-रे काढला जात नाही. जखम 'साधी' राहते, आणि अपिलाच्या युक्तिवादात तिची किंमत निम्मी होते.

घटनास्थळाच्या पंचनाम्यातही अशीच एक ओळ महत्त्वाची असते: रक्त धुऱ्याच्या कोणत्या बाजूला सांडलं? मयत दुसऱ्याच्या वहिवाटीत चार पावलं आत येऊन पडला असेल तर गोष्ट एक होते, स्वतःच्या शेतात पन्नास पावलं मागं पडला असेल तर पार दुसरी. तुडवलेलं पीक कुठं, मोडलेली उभारी कुणाच्या बाजूला, ट्रॅक्टरच्या चाकोऱ्या कुठवर, हे पंचांच्या समोर असतं. पंच म्हणून आणलेल्या माणसाला त्यातलं काही लिहवून घ्यायचं सुचत नाही, आणि लिहिणाऱ्याला जेवायची घाई असते. कच्च्या नकाशात मग एक फुली आणि एक बाण उरतो.

आरोपीच्या जखमांबद्दल सर्वोच्च न्यायालयाची भूमिका लक्ष्मीसिंग विरुद्ध बिहार या 1976 च्या निकालानं स्पष्ट केली. त्याच घटनेत आरोपीला झालेल्या जखमांवर सरकार पक्षाचे साक्षीदार मूग गिळून बसत असतील, तर ते घटनेचा उगमच दडवतायत असं न्यायालय धरू शकतं. बचावाचे वकील हा निकाल ठेवणीतल्या हत्यारासारखा वापरतात, कधीकधी जरा जास्तच. कारण पुढं 2001 मध्ये गुजरातमधल्या ताखाजी हिराजी प्रकरणात न्यायालयानं त्याला मर्यादा घातली. जखमा गंभीर असल्या आणि त्याच घटनेतल्या असल्या तरच हे मौन महागात पडतं. ओरखड्यांचा खुलासा दिला नाही म्हणून विश्वासार्ह साक्ष कोसळत नाही. म्हणूनच त्या संध्याकाळचा 'साधी' हा शेरा इतका जड जातो. आणि हेही सांगायला हवं की जखम आहे म्हणजे हल्ला झालाच, असं नसतं. स्वतःच्या हातानं ब्लेड मारून घेऊन ठाण्यात येणारे असतात. वरवरचे, एकमेकांना समांतर, उजव्या हाताच्या माणसाच्या डाव्या दंडावर ओळीनं काढलेले चरे जाणता डॉक्टर लगेच ओळखतो. असला दाखला न्यायालयात आला की खरा दावाही बदनाम होतो.

खटल्याच्या अखेरीस न्यायाधीश आरोपीला प्रश्न विचारतात. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम 313. 'साक्षीदार सांगतो की तुम्ही मयताच्या मानेवर कत्तीनं वार केला, याबाबत काय सांगायचं आहे?' आणि उत्तर येतं: 'खोटं आहे.' पुढच्या प्रश्नाला 'खोटं आहे', त्याच्या पुढच्याला 'माहीत नाही'. शेवटी 'आणखी काही सांगायचं आहे का?' यावर 'जमिनीच्या वादातून खोटं गुंतवलं.' पाच-पन्नास प्रश्नांत उभारीचं नाव नाही, कपाळाच्या जखमेचं नाव नाही. आपल्याला आलेली भीती हा माणूस स्वतःच्या तोंडानं सांगू शकेल अशी खटल्यातली ती जवळजवळ एकमेव जागा, आणि ती चार शब्दांत संपते. त्याआधी उलटतपासणीत वकिलानं साक्षीदाराला 'मयतानंच आधी उभारी मारली' असं सुचवलेलं असतं, म्हणजे वकील एक सांगतोय आणि अशील दुसरंच. सरकारी वकील युक्तिवादात यावर बोट ठेवल्याशिवाय राहत नाही.

कायदा मात्र इथं आरोपीपेक्षा उदार आहे. मुन्शीराम विरुद्ध दिल्ली प्रशासन या निकालात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की आरोपीनं स्वसंरक्षणाचं नावही घेतलं नसलं तरी पुराव्यातून ते दिसत असेल, तर न्यायालयानं त्याचा विचार करायचा. पुरावा कायद्याच्या कलम 105 नं अपवाद सिद्ध करायचा भार आरोपीवर टाकलाय खरा, पण तो सरकार पक्षासारखा निःसंशय सिद्ध करायचा नाही. शक्यतेचं पारडं आपल्या बाजूला झुकवलं की पुरे. तेही सरकार पक्षाच्याच साक्षीदारांच्या तोंडून झुकवता येतं, आरोपीनं वेगळा साक्षीदार आणायची गरज नाही. एवढी सवलत असताना 'नव्हतोच' म्हणण्यानं बिघडतं काय? बिघडतं हे की भीती ही मनातली गोष्ट आहे. कपाळाच्या जखमेवरून फटका बसला एवढं कळतं. तो वार करण्याआधी बसला की नंतर, दुसरा फटका येत होता की उभारी खाली पडली होती, हे जखम सांगत नाही. ते सांगणारा एकटाच माणूस 'खोटं आहे' म्हणून मोकळा झालेला असतो. मग उच्च न्यायालय अंदाजानं जितकं देता येईल तितकं देतं.

मुन्शीराम निकालाची दुसरी बाजू मराठवाड्याच्या दृष्टीनं आणखी कामाची. भांडण मालकीचं असलं तरी ज्याचा ताबा शांतपणे स्थिरावला आहे त्याला, तो खरा मालक नसला तरी, खुद्द मालकानंही बळानं हुसकायचं नाही. हुसकायला आला तर ताबेदाराला बचावाचा हक्क मिळतो. सातबारा हातात घेऊन ट्रॅक्टर घालणाऱ्याला हे ऐकून धक्का बसतो. उलट ज्याला वाटतं की आपल्या धुऱ्यासाठी आपण जीवही घेऊ शकतो, त्यालाही धक्का बसायला हवा. शेतात नुसती घुसखोरी झाली तर मालमत्तेच्या बचावापोटी जीव घेण्यापर्यंत हक्क जात नाही. कलम 103 त्यासाठी जबरी चोरी, रात्रीची घरफोडी, राहत्या घराला आग असल्या गोष्टी मागतं. धुऱ्याच्या मारामारीत जीवघेणा वार माफ होतो तो केवळ शरीराला धोका निर्माण झाला म्हणून, जमिनीसाठी नव्हे.

वार मोजायचा कसा, यावर बरंच लिहिलं गेलंय. नागपूरच्या उच्च न्यायालयातून दिल्लीला गेलेले न्यायमूर्ती विवियन बोस यांनी 1952 मध्ये अमजद खान प्रकरणाचा निकाल दिला. 1950 च्या मार्चमध्ये कटनीत दंगल उसळली होती. जमावानं शेजारचं भावाचं दुकान फोडलं, आणि अमजद खानच्या दारावर लाठ्या पडू लागल्या तेव्हा त्यानं गोळ्या झाडल्या. एक जण मेला. दार तुटेपर्यंत वाट बघायला हवी होती का? नाही, असं म्हणत न्यायालयानं त्याला सोडलं. असल्या क्षणी सोन्याचा काटा लावून तोलायचं नसतं. 1973 च्या देवनारायण निकालात तर लाठीविरुद्ध भाला असा प्रश्न होता. लाठीवर भाल्यानं उत्तर म्हणजे अतिरेक, असं उच्च न्यायालयाला वाटलं. सर्वोच्च न्यायालय म्हणालं, लाठीचा फटका डोक्यावर बसला की माणूस मरतो. आपल्याकडच्या उभारीविरुद्ध कत्तीला हा निकाल बेतून शिवल्यासारखा बसतो.

पण त्याच रांगेत जयदेव विरुद्ध पंजाब आहे. तो निकाल न्यायमूर्ती प्रल्हाद गजेंद्रगडकरांचा. तिथंही शेताचा वाद, तिथंही समोरची माणसं हत्यारं घेऊन चालून आली होती. मात्र ती पळू लागल्यावरही गोळ्या झाडल्या गेल्या. गजेंद्रगडकरांनी रेघ तिथं ओढली. हल्लेखोर वळला, पळाला, की भीती संपली आणि भीतीबरोबर हक्कही. आपल्या भागातली कित्येक अपिलं याच रेघेवर अडकण्यासारखी असतात. पहिला घाव बचावाचा ठरू शकतो, पडलेल्या माणसावरचा तिसरा घाव ठरत नाही. शवविच्छेदनात पाठीवर जखमा निघाल्या तर युक्तिवादाचं अवसानच गळतं. 2010 मध्ये दर्शनसिंग विरुद्ध पंजाब या निकालानं साऱ्या जुन्या निकालांतून दहा सूत्रं काढून दिली. हल्ली वकील तीच वाचून दाखवतात. सोय झाली, पण मूळ निकालांतल्या घटना वाचायची सवय गेली. सूत्रं सगळीकडं सारखीच असतात, घटना वाचल्याशिवाय आपली केस त्यांतल्या कोणत्या बाजूला पडते ते कळत नाही.

पूर्ण सुटका आणि जन्मठेप यांच्यामध्ये एक रुंद पट्टा आहे, आणि अपिलांची खरी ओढाताण तिथं चालते. कलम 300 चा दुसरा अपवाद म्हणतो की बचावाचा हक्क होता, पण सद्भावनेनं करताना तो ओलांडला गेला, तर तो खून नव्हे, सदोष मनुष्यवध. चौथा अपवाद अचानक जुंपलेल्या भांडणाचा, ज्यात पूर्वतयारी नाही आणि कुणी क्रूरपणे किंवा गैरफायदा घेऊन वागलेलं नाही. दोन्हीकडून कलम 304 ला पोचता येतं, म्हणून अपिलात दोन्ही एका दमात मागितले जातात. मला ही सवय पटत नाही. दुसऱ्या अपवादात आधी चूक समोरच्याची, असं मान्य होतं. चौथ्यात दोघेही सारखेच. दोन्ही बाजू तयारीनिशी उतरल्या आणि खुली हाणामारी झाली, तर बचावाचा हक्क कुणालाच नाही, ज्यानं जे केलं ते त्याच्या अंगावर. जो खरोखर बचावाला वळला होता त्याच्या वकिलानं चौथ्या अपवादाच्या आडोशाला जाणं म्हणजे अशिलाची बाजू अर्धी सोडून देणं. पण 304 भाग दोनखाली कमाल शिक्षा दहा वर्षं, आणि अशील आठ वर्षं हर्सूलच्या तुरुंगात काढून बसलेला. 'भोगलेली शिक्षा पुरेशी' एवढं पदरात पडत असताना कोणता वकील तत्त्वासाठी भांडेल?

ती आठ वर्षं का जातात, हेही थोडं सांगतो. नोव्हेंबर 1956 पर्यंत इथली अपिलं हैदराबादला जात, मग मुंबईला. 27 ऑगस्ट 1981 ला औरंगाबादला खंडपीठ सुरू झालं. वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला, तिथं ते टिकलं आणि 1984 पासून कायमचं झालं. मुंबईच्या मानानं जवळ आलं खरं. तरी लातूरच्या बाईला नवऱ्याच्या तारखेसाठी अंबाजोगाई-मांजरसुंबा-बीड करत दिवस घालवावा लागतो, नांदेडचा बाप देवगिरी एक्स्प्रेसनं निघतो. शिक्षा स्थगित होऊन जामीन मिळाला तर अपील सावकाश येतं. नाही मिळाला तर माणूस आत बसून वाट बघतो. किनवट-माहूरकडच्या माणसाला 'पोलिसांकडं जायला वेळ होता की' हे कलम 99 चं वाक्य ऐकवताना ठाणं त्याच्यापासून किती लांब होतं तेवढं तरी मोजावं.

मयताच्या घराबद्दल बोललं नाही तर हे सगळं एकतर्फी होईल. मेलेला माणूस 313 चा जबाब देत नाही. बचावाची गोष्ट जिवंत उरलेला सांगतो, आणि तो स्वतःला हल्लेखोर कशाला म्हणेल? त्याच प्रक्रिया संहितेच्या कलम 372 ला जोडलेल्या परंतुकामुळं 31 डिसेंबर 2009 पासून पीडिताच्या कुटुंबालाही निर्दोष सुटकेविरुद्ध किंवा कमी गुन्ह्याच्या शिक्षेविरुद्ध स्वतः अपील करता येतं, सरकारची वाट बघावी लागत नाही. तेव्हा 'त्यानं आधी मारलं' या वाक्याला आता खंडपीठात उत्तर देणारा कुणीतरी उभा असतो. शिवाय दोन्ही घरांच्या उलटसुलट फिर्यादी असतील तर त्या एकाच न्यायाधीशानं एकापाठोपाठ चालवून एकाच वेळी निकाल द्यावा, असं नथीलाल प्रकरणात 1990 मध्येच सांगितलं गेलंय. तरी एक खटला सत्र न्यायालयात आणि आरोपीची उलट फिर्याद तालुक्याला '324 ची किरकोळ केस' म्हणून वेगळी धूळ खात पडलीय, असं होतं. दोन्ही कागद शेजारी ठेवले असते तर घटनेचा क्रम आपोआप लागला असता.

वाचताना एक अडचण येईल. 1 जुलै 2024 पासून घडलेल्या गुन्ह्यांना भारतीय न्याय संहिता लागू आहे. तिथं बचावाचा हक्क 34 ते 44 या कलमांत गेला, सदोष मनुष्यवधाची शिक्षा 105 मध्ये, आणि 304 भाग एकच्या जागी आलेल्या शिक्षेत जन्मठेप नसेल तर किमान पाच वर्षं घातली गेली. 313 चा जबाब आता नव्या प्रक्रिया संहितेच्या 351 खाली होतो. खंडपीठापुढची अपिलं मात्र अजून बरीच वर्षं जुन्या घटनांचीच असणार, म्हणून पुस्तकात कलमांचे जुने आकडे ठेवले आहेत आणि नवे शेवटच्या तक्त्यात दिले आहेत. नव्या प्रक्रिया संहितेनं झडती-जप्तीचं चित्रीकरण आणि सात वर्षं किंवा जास्त शिक्षेच्या गुन्ह्यांत न्यायवैद्यक तज्ज्ञांनी घटनास्थळी येणं सांगितलं आहे. तज्ज्ञ येण्याची अट राज्यांनी पाच वर्षांत टप्प्याटप्प्यानं अमलात आणायची आहे. या पुस्तकाच्या चौथ्या प्रकरणात घटनास्थळाचे पंचनामे आहेत, पाचव्यात आरोपींच्या जखमांचे दाखले. वकिली नुकती सुरू केलेल्यांनी सुरुवात पाचव्यापासून केली तरी चालेल.